ओबहून उबेला

‘भौगोलिक कारणे लिहा : सायबेरियातील नद्यांना वसंत ऋतूत पूर येतात.’

सांगलीच्या शाळेत तीस वर्षं मी हा प्रश्न घातला आणि तीस वर्षं मुलांनी त्याचं तेच उत्तर लिहिलं. या नद्या दक्षिणेकडून उत्तरेकडे वाहतात, वरच्या टप्प्यातला बर्फ आधी वितळतो, मुखाकडचा तोवर गोठलेलाच असतो, पाण्याला पुढे वाट नसते, ते काठांवर पसरतं. तीन मुद्दे, तीन गुण. पसरलेल्या त्या पाण्याचं पुढे काय होतं, असं एकाही पोराने विचारलं नाही. विचारलं असतं तर माझीच पंचाईत झाली असती.

ते मला निवृत्तीनंतर कळलं, दिल्लीत, नाकाला पदर लावून.

लेक नोएडाला असते. डिसेंबर ते फेब्रुवारी मी तिच्याकडे. दिल्लीची थंडी आपल्याकडच्यासारखी मोकळी नसते. धुकं आणि धूर एकत्र कालवून कुणी दारात आणून ठेवावा तशी असते. जावई हीटरपाशी, लेक दोन स्वेटरांवर शाल घेऊन, आणि नेमक्या याच दिवसांत हजारो पाखरं इथे ऊब शोधत उतरतात. इथे ज्यांना ऊब सापडते ती येतात तरी कुठून, म्हणून मी नातवाचा नकाशासंग्रह उघडला.

मुंबईचं रेखावृत्त साधारण ७३ अंश पूर्व. त्यावर पट्टी ठेवली आणि बोट उत्तरेला सरकवत गेले. जोधपूर आलं, इस्लामाबाद आलं, पामीरचं पठार, कझाकस्तानातलं करागांडा, मग सायबेरियातलं ओम्स्क. ध्रुववृत्त ओलांडलं तसं बोट एका लांबट निळ्या फटीत शिरलं. ओबचं आखात. मुंबईच्या नाकासमोर, सरळ उत्तरेला, साडेपाच हजार किलोमीटरवर! इतकी वर्षं नकाशा भिंतीवर टांगला आणि ही सरळ रेघ मला कधी दिसली नाही.

रशियन भाषेत त्याला ओब्स्काया गुबा म्हणतात. गुबा म्हणजे आखात आणि गुबा म्हणजे ओठसुद्धा. आल्ताई पर्वतातून निघून ३,६५० किलोमीटर चालत आलेली ओब नदी या ओठाशी येते. आखात लांबीला हजार किलोमीटरच्या घरात, म्हणजे मुंबई-नागपूरहून लांब, आणि रुंदीला पन्नास ते ऐंशी किलोमीटर. खोली मात्र इतक्या मोठ्या जलाशयाला न शोभणारी. बहुतेक ठिकाणी दहा-बारा मीटर, म्हणजे आमच्या सोसायटीची चार मजली इमारत जेमतेम बुडेल. नदी एवढं पाणी ओतते की आखाताचा मोठा भाग गोड्या पाण्याचा आहे. ऑक्टोबरात ते गोठतं ते जून-जुलैपर्यंत. बर्फ फुटला की पांढरे बेलुगा देवमासे कारा समुद्रातून आत शिरतात. ओबमधले स्टर्जन आणि मुक्सून मासे याच पाण्यात चरतात, उत्तरेकडच्या तोंडाशी सील आणि त्यांच्या मागावर ध्रुवीय अस्वल. पश्चिमेला यामाल द्वीपकल्प, पूर्वेला गिदान. यामाल हा नेनेत्स लोकांचा शब्द, अर्थ ‘भूमीचा शेवट’. हे लोक रेनडियरचे कळप घेऊन त्या शेवटावर वर-खाली फिरतात. अलीकडे साबेत्ता नावाच्या बंदरातून, २०१७ सालापासून, बर्फ फोडणारी जहाजं वायू भरून नेतात.

आता माझ्या प्रश्नातलं पाणी. टुंड्रात जमिनीखाली कायमचा गोठलेला थर असतो. पुराचं आणि वितळलेल्या बर्फाचं पाणी खाली मुरू शकत नाही, ते वरच्या वर डबकी होऊन राहतं. अशी असंख्य डबकी, त्यांत डासांच्या आणि चिलटांच्या अळ्या, आणि मेअखेरीपासून दीड-दोन महिने मावळणंच विसरलेला सूर्य. पिल्लांना दिवसाचे चोवीस तास जेवणाचं पान वाढलेलं. म्हणजे उत्तराला चौथा मुद्दा होता आणि पाखरं जातात ती त्या चौथ्या मुद्द्यासाठी. मी तो कधी शिकवला नाही. टुंड्रा म्हणजे शेवाळ, दगडफूल, रेनडियर, एवढ्यावर आमचा धडा संपायचा.

भारतीय माणसाला ध्रुवाकडे रीतसर जायचं तर वाट गोव्यातून जाते. वास्कोला ध्रुवीय संशोधनाचं राष्ट्रीय केंद्र आहे, आर्क्टिकमध्ये ‘हिमाद्री’ हे आपलं ठाणं २००८पासून आहे. मला मेट्रोची मॅजेंटा लाइन पुरली. तिच्यावर चक्क ‘ओखला बर्ड सँक्चुअरी’ नावाचं स्थानक आहे. पक्ष्यांच्या नावाने थांबणारी गाडी मी आयुष्यात दुसरी पाहिलेली नाही.

ओखल्याला यमुना दिल्ली सोडून उत्तर प्रदेशात शिरते. बंधाऱ्यामागे पाणी तुंबून जो फुगवटा झाला, तो १९९०मध्ये अभयारण्य म्हणून जाहीर झाला. एका अंगाला नोएडाचे मनोरे, डोक्यावर विजेच्या तारा, मध्ये पाणकणसाची दाट बेटं. पहिली भेट वारकऱ्यांची. काळं अंग, कपाळावर पांढराशुभ्र टिळा. इंग्रजीत कूट म्हणतात, पण ज्याने मराठीत नाव ठेवलं त्याने पाखरू नीट पाहिलं होतं. शेकड्यांनी होते. त्यांच्यामध्ये थापट्या बदकं, चोच पळीसारखी, आणि मला हवी होती ती तलवार बदकं : चॉकलेटी डोकं, मानेवरून उतरणारी पांढरी रेघ, मागे उपसलेली शेपटी. यांची घरटी थेट टुंड्रापर्यंत असतात. डोकं बुडवून, शेपटी आकाशाकडे करून ती खालचा गाळ चिवडत होती. गाळ दिल्लीचा. वजीराबाद ते ओखला या बावीस किलोमीटरांत दिल्ली यमुनेला काय काय देते ते वासावरूनच कळतं.

बंधाऱ्याखाली तर वेगळाच देखावा असतो. छठपूजेच्या सुमाराला तिथे पाण्यावर पांढरे ढीग तरंगतात. लेकीने त्यांचा फोटो पाठवला तेव्हा मला खरोखर क्षणभर वाटलं, हा आखातातला फुटलेला बर्फ. तो साबणाचा आणि मैल्याचा फेस होता आणि त्यात कमरेइतक्या उभ्या असलेल्या बायका सूर्याला अर्घ्य देत होत्या.

काश्मिरी गेटजवळच्या यमुना घाटाबद्दल फार सांगण्यासारखं नाही, कारण तो तुम्ही लग्नाआधीच्या फोटोंमध्ये पाहिलेला आहे. पहाटेचं केशरी पाणी, होडी, आणि भोवती हजारो पांढरी पाखरं. नावाडी “आओ, आओ” करत शेव उधळतो, पाखरं झेपावतात. मी विचारलं, “भैया, ये कहाँ से आते हैं?” तो म्हणाला, “सायबेरिया से, माताजी.” हेच उत्तर सगळी दिल्ली देते. माझ्यातली बाई जागी झाली. पण तिला गप्प बसवलं. हे कुरव. त्यातले तपकिरी डोक्याचे तिबेट, लडाख आणि मध्य आशियातल्या उंच सरोवरांवरून येतात; काळ्या डोक्याचे युरोप-आशियाच्या समशीतोष्ण पट्ट्यातले. ध्रुवाशी यांचा संबंध नाही. खरा ध्रुवीय पाहुणा शेवेच्या पाकिटाला फसत नाही आणि फोटोत उठून दिसत नाही. तिखट-मीठ-तेलाने त्या कुरवांच्या पोटात काय होत असेल याचा विचार करत मी होडीतून उतरले.

खरा पाहुणा नजफगढला भेटला, तोही दुसऱ्या खेपेला. पहिल्या खेपेला धुकं इतकं होतं की गाडीचं बॉनेट दिसेना. लेक म्हणाली, “आई, तुझं आखात आपण गूगलवर बघू.” जावयांना माझी दया आली असावी. पुढच्या रविवारी ते स्वतः म्हणाले, “आई, तुम्ही चला, मी नेतो.”

नजफगढ झील दिल्ली आणि हरियाणाच्या सीमेवर पसरलेली आहे. अरवलीतून येणाऱ्या साहिबी नदीचं पाणी इथल्या खोलगट जमिनीत साचायचं. एकेकाळी पावसाळ्यात तिचा विस्तार दोनशे चौरस किलोमीटरच्या वर जाई. नाला खोल करून करून तिला रिकामी केली, नकाशातून ती जवळजवळ गेली. आता गुरुग्रामच्या सांडपाण्याने ती पुन्हा भरते. बसई ओलांडून, चंदू-बुढेड्याच्या शेतांमधून आम्ही बांधावर पोचलो. एका बाजूला मोहरी फुललेली, दुसऱ्या बाजूला तिचंच शेजारचं शेत पाण्याखाली. हुक्का घेऊन बसलेल्या ताऊंनी आमच्या दुर्बिणीकडे पाहिलं आणि पाण्याकडे हात केला : “थारी झील सै, म्हारी ज़मीन सै.” त्यांची जमीन बुडाली तेव्हा माझी पाखरं उतरली, हे खरंच होतं. मी काय बोलणार?

पाण्याच्या कडेला काळा चिखल. फोटो नको, जवळून पाहू म्हणून पुढे गेले आणि डावा बूट चिखलाने ठेवून घेतला. जावई बांधावरून “आई, आई” करत होते, मी एका मोज्यावर उभी, आणि पाच पावलांवर चिखल हलत होता. नीट पाहिलं तर तो चिखल नव्हता. छोटे टिलवे होते, चाळीस-पन्नास, चिमणीएवढे, चिखलाच्याच रंगाचे. शिवणयंत्राच्या सुईसारख्या चोची खाली-वर चाललेल्या. पाखराचं वजन पंचवीस-तीस ग्रॅम. अंडं फोडतो ते आर्क्टिकच्या काठच्या टुंड्रात, नॉर्वेपासून सायबेरियापर्यंत, आणि हिवाळा काढतो इथे. मी पाहिलेला नेमका ओबच्याच काठचा होता असं मी म्हणणार नाही; पण तो किनारा सगळा त्याचाच. तिथे तो चिलटांच्या अळ्यांवर वाढतो, इथेही तेच खातो. गुरुग्रामच्या मैल्यात अळ्यांना तोटा नाही. माझ्या नाकाला पदर होता, त्याला पंगत होती.

त्यांच्यामागे रफ चालत होते, टिलव्यांच्या मानाने पहिलवान. विणीच्या काळात या नराच्या गळ्याभोवती चुण्याचुण्यांची पिसांची झालर येते, तिच्यावरून हे नाव. इथे ती नसते. नवरदेव फेटा गावी जाऊनच बांधतो; दिल्लीत तो भुऱ्या कपड्यांतला मजूर.

टिलव्याची एक गोष्ट मला त्या बुटाहून महाग पडली, म्हणजे तीन रात्री डोक्यातून गेली नाही. मोठे टिलवे टुंड्रा लवकर सोडतात. पिल्लं मागे राहतात, पंखांत बळ आलं की आपली आपण निघतात. वाट दाखवायला कोणी नाही. कधी उडायचं, कुठे वळायचं, हे अंड्यातूनच घेऊन आलेलं. दोन महिन्यांचं पोर हजारो किलोमीटर एकटं येतं आणि अशाच एखाद्या चिखलात उतरतं. ज्याला कोणी शिकवलं नाही आणि तरी ज्याचं उत्तर बरोबर येतं, असा विद्यार्थी मास्तरणीला जरा अपमानास्पदच वाटतो.

यात आणखी एक प्राणी आहे. लेमिंग : उंदराचा भाऊ, गुबगुबीत, तोकड्या शेपटीचा. तीन-चार वर्षांनी त्याची संख्या बेसुमार वाढते आणि मग कोसळते. तो भरपूर असतो त्या उन्हाळ्यात आर्क्टिक कोल्हा त्याच्यावरच पोट भरतो आणि घरट्यांना हात लावत नाही. तो संपला की कोल्हा अंड्यांकडे वळतो. तैमिर द्वीपकल्पावर अभ्यासकांनी हा हिशेब कितीतरी वर्षं मांडला आहे. म्हणजे दिल्लीच्या हिवाळ्यात चिखलावर टिलव्यांची पोरं किती, हे काही अंशी यामाल-तैमिरकडे उंदीर किती यावर ठरतं. हे दहावीच्या पेपरात घालायला हवं होतं.

भरतपूरला शेवटी गेले. कुणी म्हणेल दिल्लीचं सांगता सांगता राजस्थान कुठे काढलं. पण २०१३ साली भरतपूर जिल्हा राष्ट्रीय राजधानी क्षेत्रात घेतला गेला आहे, त्यामुळे कागदोपत्री मी दिल्लीच्या अंगणातच होते. रेल्वेने तीनेक तास.

तिथलं केवलादेवचं रान म्हणजे मुळात माणसाने केलेली पाणथळ जागा. अजान बांधाचं पाणी पाटांनी आणून खोलगट भागात सोडलं, बदकं आली, आणि संस्थानाची शिकारीची सोय झाली. देवळाजवळ दगडी पाट्या आहेत. कुठल्या दिवशी कुठल्या साहेबाच्या मानार्थ किती पक्षी मारले, याचा चोख हिशेब. १२ नोव्हेंबर १९३८, व्हाइसरॉय लिनलिथगो, एका दिवसात ४,२७३. एवढं मारूनही दुसऱ्या वर्षी पाखरं येतच राहिली, हे मला पाटीहून जास्त चमत्कारिक वाटलं. पुढे इथेच पक्षितज्ज्ञ सलीम अलींच्या देखरेखीखाली बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीने पक्ष्यांच्या पायांत वळी घातली आणि ती वळी सायबेरियात सापडली, तेव्हा नकाशावर ही रेघ पहिल्यांदा पक्की झाली.

आत सायकलरिक्षा चालवणारेच वाटाडे असतात. माझे वाटाडे पन्नाशीचे. सारसांची जोडी, चित्रबलाकांची वसाहत, घुबड, सगळं दाखवलं. मग एका उथळ पाण्यापाशी रिक्षा थांबवली. पाण्यात काहीच नव्हतं. थोडं गवत, दोन शेकाटे. “यहीं बैठते थे,” ते म्हणाले.

सायबेरियाचा पांढरा क्रौंच. छातीपर्यंत येईल एवढा उंच, सबंध पांढरा, चेहरा लाल, आणि पंख उघडले की टोकं काळी. ज्यांना आपण काँग्रेसच्या स्थापनेच्या धड्यात भेटतो ते ह्यूम इटाव्याला कलेक्टर होते, तेव्हा त्यांनी या पक्ष्याची नोंद केली. भरतपूरला येणारे क्रौंच नेमके ओबचे. आखाताला मिळण्याआधी ओबला कुनोवात नावाची नदी मिळते, तिच्या दलदलीत त्यांची घरटी. तिथून कझाकस्तान, उझबेकिस्तान, मग अफगाणिस्तानात आब-ए-इस्तादा सरोवरावर विसावा, हिंदुकुशाला वळसा, आणि पाच-एक हजार किलोमीटरांनंतर हे पाणी. इथे ते लव्हाळ्याचे कंद उकरून खायचे.

१९६०च्या दशकात इथे दोनशेच्या आसपास क्रौंच येत. मग वाटेवर शिकार वाढली, अफगाणिस्तानात युद्ध पेटलं, संख्या उतरत गेली. १९९३-९४ला आणि त्याच्या पुढच्या हिवाळ्यात एकही आला नाही, मग पुन्हा तीन-चार दिसले. २००१-०२च्या हिवाळ्यात एक जोडी होती. त्यानंतर नाही.

टिलव्यासारखं क्रौंचाचं नसतं. जोडीला बहुधा एकच पिल्लू जगतं आणि ते पहिला हिवाळा आई-बापांच्या मध्ये चालत काढतं. वाट त्याला दाखवावी लागते. एकदा दाखवली की पुरते, पण दाखवणारं हवं. म्हणूनच पिंजऱ्यात वाढवलेले क्रौंच आणून इथे सोडले, दुसऱ्या जातीच्या क्रौंचांबरोबर ते जातील अशी आशा धरली, आणि तो प्रयोग फसला. ओबच्या काठी माणसांनी पांढरा पोशाख घालून छोट्या मोटरच्या ग्लायडरमागे पिल्लांना उडायला शिकवलं. २०१२ साली खुद्द पुतीन असा ग्लायडर घेऊन उडाले. शिकवायला राष्ट्राध्यक्ष येऊनही वर्ग काही भरला नाही. इराणकडे जाणाऱ्या दुसऱ्या वाटेवर एकच नर उरला होता, लोक त्याला ओमीद म्हणत, फारसीत आशा. जोडीदारीण गेल्यावर पंधरा वर्षं तो एकटाच कॅस्पियनच्या काठी येत राहिला. पूर्वेकडचे, याकुतियातून चीनच्या पोयांग सरोवराला जाणारे, अजून काही हजार आहेत. त्यांना ती वाट माहीत आहे. ही नाही.

वाटाड्यांना मी विचारलं, तुम्ही पाहिला होता का? “बहुत बार,” ते म्हणाले. “मेरे लड़के ने नहीं देखा. वो भी यही काम करता है.” त्यांनी हाताने पिल्लाची उंची दाखवली, रंग सांगितला, दालचिनीसारखा. मग रिक्षाला पाय मारला.

मार्चात मी सांगलीला परतले. लेकीने फोनवर कळवलं, नजफगढच्या कडेचं पाणी आटत चाललंय, ताऊंच्या शेताचा बांध उघडा पडलाय, तुझा बूट काही दिसला नाही. मे लागेपर्यंत तिथले बहुतेक टिलवे उडालेले असतात. जूनच्या सुरुवातीला ते टुंड्रात पोचतात, तेव्हा नद्यांचं पाणी काठांवर पसरलेलं असतं आणि ओबच्या आखातावर अजून बर्फ असतो.